उघडा हजेरीपट, उघडे खाते

२०१७च्या उन्हाळ्यात मुकुटबनला शेजारच्या काकूंनी रोजगार हमीचे जॉबकार्ड माझ्यापुढे ठेवले. "भाऊ, आपला खातेनंबर इंटरनेटवर साऱ्या दुनियेले दिसते म्हणतात. खरं हाय का?"

उत्तर शोधताना मला मागे जावे लागले. १९७२च्या दुष्काळात महाराष्ट्रात रोजगार हमी उभी राहिली, १९७७ साली तिचा कायदा झाला. पटावर खोटी नावे चढली की खऱ्या मजुराची मजुरी बुडते. म्हणून पट सर्वांना पाहता यावा, ही मजूर चळवळींची मागणी. २००५च्या केंद्रीय कायद्याने सामाजिक अंकेक्षण आणून ती मान्य केली.

२९ सप्टेंबर २०१० रोजी नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभलीत आधारचा आरंभ झाला. पुढे मजुराच्या नोंदीला आधार आणि बँक खाते जोडले गेले. मे २०१७मध्ये 'सेंटर फॉर इंटरनेट अँड सोसायटी'चा अहवाल आला. चार सरकारी संकेतस्थळांवरून सुमारे १३ कोटी आधार क्रमांक आणि १० कोटी खातेक्रमांक उघड झाले असावेत, असा त्याचा अंदाज होता. त्यांत रोजगार हमीचे संकेतस्थळही होते. कुणी कुलूप फोडले नव्हते. दारच उघडे होते. २०१६च्या आधार कायद्याने मात्र असे प्रकाशन निषिद्ध ठरवले होते.

यानंतर चर्चा रंगली ती 'गळती' या शब्दावर. संस्थेने खुलासा करून त्याला 'बेकायदा प्रकटन' म्हटले. जानेवारी २०१८मध्ये 'द ट्रिब्यून'च्या वार्ताहर रचना खैरा यांनी पाचशे रुपयांत आधारची माहिती मिळत असल्याचे दाखवले, तेव्हा प्राधिकरणाच्या तक्रारीवरून नोंदवलेल्या गुन्ह्यात त्यांचेही नाव आले. भोक दाखवणाऱ्याचीच आधी चौकशी झाली.

मधल्या काळात, २४ ऑगस्ट २०१७ रोजी, सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी खासगीपणा हा मूलभूत अधिकार ठरवला. २०२३च्या कायद्याने माहिती फुटल्यास प्रत्येक बाधित व्यक्तीला कळवण्याचे बंधन घातले. त्याच कायद्याने माहिती अधिकारातले वैयक्तिक माहितीचे कलमही बदलले. माझी धास्ती इथेच आहे. खाते झाकायच्या निमित्ताने पटच झाकला गेला, तर खोटी नावे पुन्हा निर्धास्त होतील. मजुराचे नाव, कामाचे दिवस आणि मजुरी गावाला दिसलीच पाहिजे. आधार आणि खातेक्रमांक दिसता कामा नये.

काकूंनी बँकेत जाऊन पासबुक भरून आणले. पैसे जागेवर होते. पण त्यांना ही बातमी कळली ती चावडीवरच्या बोलण्यातून. कळवायला कुणी आले नव्हते.