हाली सिक्का, कलदार आणि विमानाचे पॉइंट

चलन म्हणजे सरकारने काढलेले नाणे किंवा नोट, आणि देशभर त्याचे मोल एकच, ही समजूत हैदराबादेतील जुन्या मराठी घरांना तशी अलीकडचीच आहे. आपल्या आजोबा-पणजोबांच्या काळी या शहरात एका खिशात दोन रुपये असत. एक निजाम सरकारचा हाली सिक्का आणि दुसरा इंग्रजांचा कलदार. दोघांचे नाव रुपया, पण मोल वेगळे. दोहोंतील फरकास बट्टा म्हणत आणि तो तोंडपाठ असणे हे व्यवहारज्ञानाचे पहिले लक्षण समजले जाई.

आज ही आठवण काढण्यास निमित्त आहे. बहुतेक घरांत आता पुन्हा दुसरे चलन शिरले आहे. विमान कंपन्यांचे पॉइंट किंवा माइल्स हे ते चलन. मुलगा न्यू जर्सीत, मुलगी कॅलिफोर्नियात, नातवंडांसाठी वर्षाआड परदेशवारी, आणि इकडे किराणा, औषधे, विजेचे बिल सारे क्रेडिट कार्डावर. अशा घरांत हजारो पॉइंट साठलेले असतात. ते किती आहेत हे सर्वांना ठाऊक असते. त्यांचे मोल किती, हे क्वचितच कोणी सांगू शकतो. हाली सिक्क्याचा इतिहास या ठिकाणी आपल्याला काही शिकवतो, असे आम्हांस वाटते.

प्रथम हाली सिक्क्याकडे वळू. 'हाली' म्हणजे सध्याचा, चालू. आपल्या 'हल्ली' या शब्दाचा तो सोयरा. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत निजामाच्या मुलखात निरनिराळ्या टांकसाळींची नाणी चालत आणि सराफ ती पारखून घेत. पुढे सरकारी टांकसाळीचा हाली सिक्का प्रमाण ठरला आणि १९०३-०४ च्या सुमारास चारमिनारची छबी असलेले यंत्रावर पाडलेले रुपये आले. त्या रुपयाचे वजन ११.१८ ग्रॅम आणि चांदीचा कस हजारात ८१८. कलदाराचे वजन ११.६६ ग्रॅम आणि कस हजारात सुमारे ९१७. गुणाकार केला तर हालीत ९.१४ ग्रॅम आणि कलदारात १०.६९ ग्रॅम शुद्ध चांदी निघते. म्हणजे शंभर कलदारांची चांदी भरून काढण्यास जवळजवळ ११७ हाली रुपये लागत. 'सात हाली, सहा कलदार' हा जो दर स्थिरावला, तो असा चांदीतच होता. त्या दराने शंभर कलदारांस एकशे सोळा रुपये दहा आणे आठ पै होतात. हा आकडा जुन्या कारकुनांस झोपेतही सांगता येई.

या हिशेबाची गरज रोज पडे. सिकंदराबादच्या छावणीत इंग्रजी अंमल होता, आणि आजच्या सुलतान बाजाराचा भाग, जो तेव्हा रेसिडेन्सी बाजार होता, तोही १९३३ पर्यंत इंग्रजांच्या अखत्यारीत होता. पुण्या-मुंबईस निघालेल्या माणसास वाडी स्थानकापलीकडे कलदाराशिवाय गती नसे. त्यामुळे पगार हालीत, मुलाच्या पुण्यातील शिक्षणाचा खर्च कलदारात, असा दुहेरी संसार चाले. एक रुपया दुसऱ्यासारखा दिसतो म्हणून तो तितक्याच मोलाचा, असे मानणारा मनुष्य महिन्याकाठी फसे.

आता नव्या चलनाचा उगम पाहू. गिऱ्हाइकास पुन्हा आपल्याच दुकानी आणण्यासाठी काहीतरी साठवायला देणे, ही युक्ती जुनी आहे. अमेरिकेत १८९६ साली स्पेरी अँड हचिन्सन या कंपनीने हिरव्या रंगाची छोटी तिकिटे काढली. दुकानदार ती विकत घेई, खरेदीच्या प्रमाणात गिऱ्हाइकास देई, आणि गृहिणी ती वहीत चिकटवून वही भरली की त्या बदल्यात भांडे किंवा दिवा घेऊन येत. रोजच्या बाजारहाटीतून वस्तू 'फुकट' मिळवण्याची ही पद्धत तिथे काही पिढ्या चालली.

विमानांच्या बाबतीत निमित्त झाले ते १९७८ च्या कायद्याचे. त्या वर्षी अमेरिकेत विमानभाड्यांवरील सरकारी नियंत्रण उठू लागले, कंपन्यांत स्पर्धा माजली आणि प्रवासी टिकवणे अवघड झाले. १ मे १९८१ रोजी अमेरिकन एअरलाइन्सने ॲडव्हांटेज ही योजना सुरू केली आणि काही दिवसांतच युनायटेडने आपली योजना आणली. हिशेब सोपा होता: जितके मैल उड्डाण, तितके मैल खात्यात. पुरेसे मैल साठले की एक तिकीट. विमान उडतच असते. रिकाम्या खुर्चीवर कोणी बसला तर कंपनीस फारसा जादा खर्च येत नाही. म्हणजे जी वस्तू एरवी वाया जाणार, तीच बक्षीस म्हणून द्यायची.

खरे वळण आले ते १९८७ मध्ये. त्या वर्षी सिटीबँकेने अमेरिकन एअरलाइन्सच्या जोडीने क्रेडिट कार्ड काढले आणि खर्चलेल्या डॉलरामागे मैल मिळू लागले. विमानात पाय न ठेवता मैल साठू लागले! यातील मर्म वाचकांनी ध्यानी घ्यावे. बँक हे मैल विमान कंपनीकडून रोख पैसे देऊन विकत घेते आणि कार्डधारकास वाटते. म्हणजे विमान कंपनी ही नकळत टांकसाळ झाली. ही टांकसाळ किती मोलाची, हे कोरोनाच्या काळात दिसून आले. विमाने जमिनीवर उभी असताना २०२० मध्ये युनायटेडने आपली मायलेजप्लस योजना तारण ठेवून ६.८ अब्ज डॉलर उभे केले.

या चलनाचा भाव ओळखणाऱ्यांचे एक उदाहरण पुष्कळ गाजले. १९९९ मध्ये कॅलिफोर्नियातील डेव्हिड फिलिप्स या अभियंत्याच्या लक्षात आले की, एका खाद्यपदार्थ कंपनीच्या वेष्टनांवर मिळणारे मैल त्या पदार्थाच्या किमतीहून अधिक मोलाचे आहेत. त्याने सुमारे ३,१४० डॉलर खर्चून पुडिंगचे १२,१५० कप घेतले, ते दान केले, वेष्टने कंपनीकडे धाडली आणि साडेबारा लाखांहून अधिक मैल मिळवले. लोक त्याच्या चातुर्याचे कौतुक करतात. आम्हांस तो बेगमबाजारातील सराफाचा भाऊबंद वाटतो. दोन चलनांतील फरक दिसला की तो साधायचा, एवढेच त्याने केले.

हैदराबादेस विमान नवे नाही. निजामाची रेल्वे आणि टाटा यांच्या भागीदारीतून निघालेल्या डेक्कन एअरवेजची विमाने १९४६ पासून बेगमपेठेहून उडत होती. १९५३ मध्ये राष्ट्रीयीकरण झाले आणि ही कंपनी इंडियन एअरलाइन्समध्ये विलीन झाली. पुढील चार दशके देशांतर्गत विमानसेवेत जवळजवळ एकच दुकान होते, तेथे गिऱ्हाइकाची मनधरणी कोण करणार? १९९० नंतर खाजगी कंपन्या आल्या आणि जेटप्रिव्हिलेज, फ्लाइंग रिटर्न्स यांसारखी नावे आपल्या कानी पडू लागली. २००८ च्या मार्च महिन्यात शमशाबादचा विमानतळ सुरू झाला आणि दोहा-दुबईमार्गे अमेरिका गाठणाऱ्या आपल्या मंडळींच्या खात्यांत परदेशी कंपन्यांचे माइल्सही जमू लागले.

आता मोल ठरवण्याचा प्रश्न. येथे चांदीचा कस नाही. मग पारख कशावर करावी? पॉइंटचा कस एकच, त्याने वाचणारे रोख पैसे. तिकिटाची रोख किंमत घ्यावी, पॉइंटनी तिकीट काढूनही जे कर व शुल्क रोख भरावेच लागतात ते वजा करावे, आणि उरलेल्या रकमेस लागणाऱ्या पॉइंटच्या संख्येने भागावे. समजा, एका तिकिटाची किंमत ६,००० रुपये आहे. पॉइंटनी काढल्यास ८,५०० पॉइंट आणि वर ९०० रुपये रोख लागतात. वाचले ५,१०० रुपये. भागिले ८,५००, म्हणजे एका पॉइंटचे मोल साठ पैसे. हाच त्या दिवसाचा बट्टा. हेच पॉइंट देऊन घरगुती वस्तू घेतली आणि मोल वीस-पंचवीस पैसे निघाले, तर तो सौदा तोट्याचा. दूरच्या प्रवासात, विशेषतः वरच्या वर्गाच्या तिकिटात, मोल एक रुपयाहूनही अधिक निघू शकते. पण जे तिकीट आपण रोखीने कधीच काढले नसते, त्याची छापील किंमत हिशेबात धरणे म्हणजे स्वतःचीच फसवणूक करणे होय.

रोजच्या खर्चाचा हिशेबही असाच मांडावा. शंभर रुपयांस दोन पॉइंट आणि पॉइंटचे मोल साठ पैसे, तर परतावा शेकडा एक रुपया वीस पैसे. कार्डाची वार्षिक वर्गणी अडीच हजार रुपये असेल, तर अठरा टक्के करासह ती २,९५० होते. ती नुसती भरून निघण्यासच वर्षाला जवळजवळ दोन लाख सेहेचाळीस हजार रुपये कार्डावर खर्चावे लागतील. आणि बिल वेळेवर न भरल्यास महिना साडेतीन टक्क्यांच्या आसपास व्याज बसते. म्हणजे एका महिन्याची थकबाकी त्याच खर्चावर मिळालेल्या पॉइंटच्या जवळजवळ तिप्पट रक्कम गिळते. पॉइंटसाठी खर्च वाढवणे म्हणजे बट्ट्याच्या लोभाने मुद्दल गमावणे.

मात्र हाली सिक्का आणि पॉइंट यांत एक मोठा भेद आहे, आणि आमच्या लेखाचे खरे प्रयोजन तेच आहे. हालीचा दर चांदीत होता. चांदी कमी घातली तर सराफाच्या तराजूस कळत असे. पॉइंटचा दर कंपनीच्या मर्जीत आहे. अमेरिकेतील डेल्टाने २०१५ मध्ये किती मैलांस कोणते तिकीट, हे सांगणारे कोष्टकच काढून टाकले. त्याच वर्षी डेल्टा आणि युनायटेडने मैल मोजणे सोडून तिकिटावर खर्चलेले पैसे मोजण्यास आरंभ केला. आपल्याकडे एअर इंडियाने २०२४ मध्ये हाच मार्ग धरला. हैदराबाद-मुंबई अंतर हवाईमार्गे सुमारे ६२० किलोमीटर. मैलांच्या हिशेबात अंतरास महत्त्व होते. रुपयांच्या हिशेबात महिनाभर आधी स्वस्त तिकीट काढणाऱ्या निवृत्त शिक्षकास थोडे पॉइंट आणि आयत्या वेळी महाग तिकीट काढणाऱ्या कंपनी अधिकाऱ्यास पुष्कळ. काटकसर हा आपला घरचा गुण. नव्या पद्धतीत त्यालाच बट्टा लागला.

टांकसाळ बुडाली तर काय होते, हेही आपण पाहिले आहे. २०१२ च्या ऑक्टोबरमध्ये किंगफिशरची विमाने थांबली आणि किंग क्लबचे माइल्स मातीमोल झाले. १७ एप्रिल २०१९ रोजी जेट एअरवेजचे शेवटचे विमान उडाले. तिची योजना वेगळ्या कंपनीच्या ताब्यात असल्याने ती इंटरमाइल्स या नावाने पुढे चालली, पण ज्या विमानासाठी माइल्स जमवले ते विमानच नाहीसे झाले होते. विस्ताराच्या सभासदांचे नशीब बरे. २०२४ च्या नोव्हेंबरात ती कंपनी एअर इंडियात विलीन झाली तेव्हा त्यांचे पॉइंट एकास एक या दराने नव्या खात्यात गेले.

याच्या शेजारी हाली सिक्क्याचा शेवट ठेवून पाहावा. १९४८ मध्ये निजामी राजवट संपली, पण हाली रुपया एका रात्रीत रद्दी झाला नाही. सातास सहा हा दर पाळून तो काही वर्षे भारतीय रुपयाबरोबर चालत राहिला आणि १९५९ पर्यंत टप्प्याटप्प्याने काढून घेतला गेला. ज्या हैदराबाद स्टेट बँकेने गनफाउंड्री येथे १९४२ मध्ये काम सुरू करून हे चलन सांभाळले, ती १९५६ मध्ये रिझर्व्ह बँकेच्या छत्राखाली गेली. राज्य गेले, पण राज्याच्या नाण्याचे देणे दुसऱ्या राज्याने फेडले. आपल्या घरांतील बचत तगली ती यामुळे. पॉइंटच्या मागे असे कोणतेही राज्य नाही. अनेक योजनांच्या नियमांत स्पष्ट लिहिलेले असते की पॉइंट ही सभासदाची मालमत्ता नव्हे. त्यांस मुदत असते, आणि सभासदाच्या निधनानंतर वारसांस ते मिळतीलच असे नाही. घरातील वडीलधाऱ्यांच्या नावे जमलेले हजारो पॉइंट कोणाच्याही कामी न येता नाहीसे होतात, ते अशाने.

तेव्हा पॉइंट वाईट, असे आमचे म्हणणे नव्हे. खर्च करायचाच आहे, बिल वेळेवर भरायचेच आहे, तर मिळणारे पॉइंट का सोडावेत? परंतु ते ठेव म्हणून साठवू नयेत. मुदती हुंडी जशी मुदतीस वटवावी लागते, तसे ते वर्ष-दोन वर्षांत वटवावेत. कोणत्या योजनेत किती पॉइंट आणि त्यांची मुदत कधी, हे घरातील दुसऱ्या एका माणसास ठाऊक असू द्यावे. आणि मोल नेहमी रुपयांत लिहून ठेवावे, पॉइंटांत नव्हे. आपल्या पूर्वजांनी हाली खर्चायला ठेवला आणि दूरच्या गरजेसाठी कलदार गाठीस बांधला. आज कलदार म्हणजे बँकेतील रुपया. गाठीस बांधायचा तो तोच.