खेळण्यातला शिपाई आणि त्याचा शत्रू

खेळण्यांनाही इतिहास असतो. आणि राष्ट्रे जे उघड बोलत नाहीत ते कित्येकदा त्यांची खेळणी बोलून जातात. सन २०१३ मधील ‘जी. आय. जो : रिटॅलिएशन’ हा अमेरिकी चित्रपट याचे उदाहरण होय. जॉन चू यांनी दिग्दर्शित केलेला हा मारधाडीचा चित्रपट २००९ च्या पहिल्या भागाचा पुढचा भाग. परंतु त्याचे मूळ शोधू गेल्यास खेळण्यांच्या दुकानातच जावे लागते.

हॅस्ब्रो कंपनीने १९६४ साली सुमारे फूटभर उंचीचा, हातपाय वळविता येणारा शिपाई विक्रीस आणला. मुलगे बाहुली हाती धरणार नाहीत, म्हणून त्यास बाहुली न म्हणता ‘ॲक्शन फिगर’ म्हणावयाचे ठरले. ‘जी. आय. जो’ हे दुसऱ्या महायुद्धातील सामान्य अमेरिकी सैनिकाचे लाडके नाव. विजयाची स्मृती ताजी होती. बापाच्या पराक्रमाची प्रतिमा मुलाच्या हाती देण्यात संकोच नव्हता.

पुढे व्हिएतनामचे युद्ध पेटले. खरा रणसंहार घरोघरी दूरचित्रवाणीवर दिसू लागला, लोकमत दुभंगले आणि खेळण्याची विक्री घसरली. १९७० मध्ये कंपनीने शिपायाचा गणवेश उतरवून त्यास साहसी प्रवासी बनविले. कालांतराने ते खेळणेही बंद पडले.

१९८२ साली जो परतला, तो पावणेचार इंचांचा होऊन. या वेळी त्यास ‘कोब्रा’ नामक शत्रू लाभला. लॅरी हामा यांनी लिहिलेल्या चित्रकथांनी ही वैरकथा घरोघरी पोहोचविली. कोब्रा कोणत्याच देशाचा नव्हता, यातच त्याची सोय होती; कारण खऱ्या शत्रूचे नाव घेतले की खऱ्या युद्धाचे प्रश्नही उभे राहतात.

चित्रपटात मात्र हा बिनदेशी शत्रू थेट अमेरिकेच्या अध्यक्षाचे रूप घेऊन त्याच्या आसनावर बसतो. ज्या फोर्ट समटर येथे १८६१ साली अमेरिकेच्या यादवीची पहिली तोफ डागली गेली, तेथेच तो अण्वस्त्रधारी राष्ट्रांना बोलावून निःशस्त्रीकरणाचा कपटी डाव मांडतो. ब्रूस विलिस यांनी रंगविलेला निवृत्त सेनानी जो कोल्टन हा या कथेतला आद्य ‘जो’. जुन्या पिढीलाच पुन्हा शस्त्र उचलावे लागते.

कल्पना मार्मिक आहे. पण तिचे गांभीर्य चित्रपटास पेलत नाही. आकाशातून सोडलेल्या अस्त्राने लंडन क्षणात उद्ध्वस्त होते, आणि त्या नगरीसाठी कोणी क्षणभरही थांबत नाही. खेळातला पडलेला शिपाई मूल पुन्हा उभा करते. नगरांचे तसे नसते. व्हिएतनामच्या काळात अमेरिकेतील आईबापांना हा भेद कळला होता. पडद्यावरील या खेळात त्याचाच विसर पडला, असे आम्हांस खेदाने म्हणावे लागते.