अपुरा राहिलेला राजमार्ग

(नभोवाणीवरील भाषण)



पोहरादेवी हें माझें गांव. संत सेवालाल महाराजांच्या समाधीमुळें बंजारा समाज या क्षेत्रास आपली काशी मानतो. बैलांच्या पाठीवर धान्य व मीठ लादून या समाजानें शतकानुशतकें दख्खनच्या वाटा तुडविल्या. त्या वाटांचा नकाशा कोणीं आधीं काढला नव्हता. पाणी, चारा आणि बाजार यांनींच तो आंखला. पुढें रेल्वे आली, पक्क्या सडका झाल्या आणि तो व्यापार बुडाला. आज मला याच्या उलट कथा सांगावयाची आहे. मुंबईच्या एका मार्गाचा नकाशा आधीं निघाला. मार्ग मात्र त्या नकाशाप्रमाणें कधींच पुरा झाला नाहीं.

१९६२ सालीं मुंबईच्या वाहतुकीचा अभ्यास विल्बर स्मिथ या अमेरिकन कंपनीकडे सोंपविण्यांत आला. पुढें मोटारी किती वाढतील याचा हिशेब मांडून तिनें पश्चिम किनाऱ्यानें जाणाऱ्या ‘वेस्ट आयलंड फ्रीवे’ची शिफारस केली. फ्रीवे म्हणजे ज्याला चौक नाहीं, आडवा रस्ता नाहीं, असा केवळ मोटारींचा मार्ग. मोटारी खरोखरच वाढल्या. फ्रीवे कित्येक वर्षें कागदावरच राहिला. कामकरी मुंबई लोकलगाडीनें, बसनें आणि पायींच जात राहिली.

पुढें त्या कल्पनेचे तुकडे तेवढे उभे राहिले. ५.६ किलोमीटर लांबीचा वांद्रे-वरळी सागरी सेतु ३० जून २००९ रोजीं खुला झाला. तो हाजी अलीपर्यंत नेण्याचा बेत सोडून द्यावा लागला. पेडर रोडवरील नियोजित उड्डाणपुलास रहिवाशांनीं विरोध केला, त्यांत लता मंगेशकर याही होत्या. तोही पूल झाला नाहीं. शेवटीं २०१८ सालीं सागरकिनारा मार्गाचें काम निघालें. १६ जुलै २०१९ रोजीं मुंबई उच्च न्यायालयानें त्याची परवानगी रद्द केली. डिसेंबरांत सर्वोच्च न्यायालयानें त्या निकालास स्थगिती दिली. ११ मार्च २०२४ रोजीं पहिला टप्पा खुला झाला. आज मोटार मलबार हिलखालील बोगद्यांतून वांद्र्याकडे न थांबतां जाते. परंतु हा मार्ग जुन्या आराखड्याचा नव्हे. साठ वर्षांनीं निराळ्या नांवानें झालेला हा दुसराच मार्ग आहे.

या सर्व इतिहासांत मला एक प्रसंग महत्त्वाचा वाटतो. वरळीच्या कोळीवाड्यापाशीं पुलाच्या दोन खांबांमधील अंतर ६० मीटर ठरलें होतें. एवढ्या फटींतून भरती-ओहोटीच्या ओढीत होड्या सुखरूप जाणार नाहींत, असें कोळी बांधवांनीं सांगितलें आणि काम अडविलें. अखेर तें अंतर १२० मीटर करावें लागलें. समुद्र ज्यांना ठाऊक होता, त्यांना आधींच विचारलें असतें तर हा तंटा, हा कालापव्यय व हा खर्च टळला नसता काय ?

सागरी सेतूवर आजही पादचाऱ्यास व दुचाकीस्वारास मज्जाव आहे. मार्ग कोठून जावा हें इंजिनियर सांगूं शकतो. तो कोणासाठीं असावा हें मात्र त्या जागीं राहणाऱ्या माणसांनींच सांगावयाचें असतें. रामनवमीस आमच्या गांवीं हजारों यात्रेकरू पायीं येतात. मोटार येतांच ते सडकेच्या कडेस, धुळींत, मुलांचे हात घट्ट धरून उभे राहतात. पुढच्या मार्गाचा नकाशा काढणारानें त्यांच्या पायांसाठीं दोन हात जागा आधींच राखून ठेवावी, एवढीच या वृद्ध शिक्षकाची विनंति आहे.