क्षुधा, तृष्णा आणि नरमांस : जपानी परंपरेतील एक प्रश्न

नरमांस खाणारा तो राक्षस, अशी सर्वसाधारण समजूत आहे. एकदा राक्षस म्हटले की प्रश्न मिटतो. तो आपल्यापैकी नव्हे, असे समाधान आपल्याला मिळते. जपानमधील बौद्ध परंपरेने हे समाधान सहजासहजी मिळू दिलेले नाही. नरभक्षकालाही परतीची वाट असते. परंतु ती दाखविण्यापूर्वी तो कोणत्या भुकेने ग्रासला आहे हे पाहिले पाहिजे, असे तिच्या कथा व आचार सुचवितात. प्रस्तुत लेखात या दृष्टीचा थोडक्यात विचार करावयाचा आहे.

या दृष्टीचा उगम भारतात आहे. राजगृहाची यक्षिणी हारिती नगरातील बालके पळवून खात असे. तिला स्वतःची पाचशे मुले होती. तथागतांनी त्यांतील सर्वांत धाकटे मूल आपल्या भिक्षापात्राखाली लपविले आणि पुत्रवियोग म्हणजे काय याची तिला जाणीव करून दिली. हारितीने हिंसा सोडण्याचे मान्य केले; पण त्याबरोबर एक प्रश्नही विचारला : मग माझ्या मुलांनी खावे काय? यावर, भिक्खुसंघ आपल्या भोजनातील वाटा तिला व तिच्या मुलांना नित्य देईल, असे आश्वासन तिला मिळाले. सातव्या शतकात भारतात आलेला चिनी भिक्खू इत्सिंग याने विहारांच्या भोजनस्थानी हारितीची प्रतिमा असे, अशी नोंद केली आहे. अजिंठ्याच्या २ क्रमांकाच्या लेण्यात हारिती व पांचिक यांचे शिल्प आहे. त्यांच्या आसनाखाली मुलांची रांग कोरलेली आपण आजही पाहू शकतो.

हीच हारिती जपानमध्ये ‘किशीमोजिन’ झाली. सद्धर्मपुंडरीक सूत्रात ती धर्माचे रक्षण करणाऱ्यांत गणली असल्यामुळे निचिरेन पंथात तिला विशेष मान आहे. टोकियोतील झोशिगाया येथे तिचे नाव लिहिताना ‘राक्षस’ या अर्थाच्या अक्षरावरील शिंगासारखी रेघ गाळली जाते. झेन मठांत भोजनापूर्वी भाताची काही शिते तिच्यासाठी व क्षुधार्त प्रेतांसाठी बाजूला काढली जातात. केवळ उपदेशाने हारितीचे परिवर्तन झाले नाही. उपदेशाबरोबर अन्नाची व्यवस्थाही झाली, याची ही शिते म्हणजे रोजची आठवण होय.

परंतु प्रत्येक भूक पोटाची नसते. उएदा अकिनारी याच्या १७७६ साली प्रसिद्ध झालेल्या ‘उगेत्सु मोनोगातारी’ या संग्रहात ‘निळी टोपी’ ही कथा आहे. एका मठाधिपतीचा आपल्या तरुण सेवकावर अतिशय जीव जडतो. सेवक मरण पावतो तेव्हा त्याचे दहन वा दफन करणे मठाधिपतीच्याने होत नाही. देह कुजू लागतो, तेव्हा तोही नष्ट होऊ नये म्हणून तो ते मांस खातो. पुढे तो गावातील थडगी उकरू लागतो. झेन आचार्य काइआन त्याला मारण्यास जात नाहीत. उलट, भूक लागली असेल तर माझा देह घे, असे म्हणतात. मग त्याला आपली निळी टोपी घालून चिंतनासाठी दोन काव्यपंक्ती देतात. वर्षभराने तो त्याच जागी त्या पुटपुटत बसलेला आढळतो. आचार्यांच्या दंडाचा स्पर्श होताच देह विरून जातो. टोपी आणि अस्थी तेवढ्या उरतात. येथे अन्नाचा उपयोग नव्हता. हा रोग तृष्णेचा होता.

ही कथा प्रसिद्ध झाल्यानंतर सहाच वर्षांनी, १७८२ साली, तेन्मेई काळातील महादुष्काळास आरंभ झाला. थंड उन्हाळे आणि १७८३ मधील असामा ज्वालामुखीचा उद्रेक यांमुळे ईशान्य जपानमध्ये पीक बुडाले. १७८५ साली त्सुगारू प्रदेशातून जाणाऱ्या सुगाए मासुमी या प्रवाशाने वाटेवर मानवी अस्थींचे ढीग पाहिले. लोकांनी आधी जनावरे आणि अखेरीस माणसेही खाल्ली, असे त्याला गावकऱ्याने सांगितले. मात्र हा प्रकोप केवळ निसर्गाचा नव्हता. तेथील संस्थानाने कर्जफेडीसाठी तांदूळ एदो व ओसाका येथे पाठविला होता. हारितीचा प्रश्न येथे हजारो मुखांनी विचारला गेला. सत्तेजवळ त्याचे उत्तर नव्हते.

दुसऱ्या महायुद्धातील घटना याहून गुंतागुंतीच्या आहेत. न्यू गिनी व फिलिपिन्समध्ये रसद तुटलेल्या जपानी सैन्यात नरमांसभक्षण घडले. न्यू गिनीत त्याचे बळी ठरलेल्यांत भारतीय युद्धकैदीही होते, अशा साक्षी युद्धोत्तर चौकशीत नोंदविल्या गेल्या. पण १९४५ साली चिचीजिमा बेटावर अमेरिकन वैमानिकांना ठार करून अधिकाऱ्यांनी त्यांचे मांस खाल्ले, तेव्हा तेथे अन्न संपलेले नव्हते. ते कृत्य भुकेचे नव्हते. द्वेषाचे आणि उन्मादाचे होते. त्या प्रकरणी ग्वाम येथे खटला होऊन १९४७ मध्ये सेनाधिकाऱ्यांना फाशी झाली. करुणेचा अर्थ कृत्यांतील हा भेद पुसून टाकणे असा नव्हे.

बौद्ध पुरोहिताच्या घरी जन्मलेल्या व स्वतः दीक्षा घेतलेल्या ताकेदा ताइजुन यांनी १९५४ साली ‘हिकारीगोके’ ही कृती लिहिली. तिला होक्काइदोतील एका सत्य घटनेचा आधार आहे. हिवाळ्यात जहाज फुटून अडकलेल्या कप्तानाने सोबत्याच्या प्रेतावर दिवस काढले होते. ताकेदांच्या कृतीत नरमांस खाणाऱ्याच्या मानेमागे हिरव्या प्रकाशाचे वलय उमटते. परंतु ज्याने स्वतः ते खाल्ले आहे त्याला ते दिसत नाही. न्यायालयात कप्तान सर्वांना आपल्याकडे नीट पाहण्याची विनंती करतो. कोणालाच त्याचे वलय दिसत नाही. आणि प्रेक्षकांना मात्र त्या साऱ्यांच्याच मानेमागे वलये उजळलेली दिसतात.

हारितीला राक्षसी ठरवून नगराबाहेर घालविणे सोपे होते. तथागतांनी तिला विहाराच्या भोजनगृहात जागा दिली. उपाशी माणसाला अन्न, तृष्णेने ग्रस्त झालेल्यास साधना आणि द्वेषाने केलेल्या हत्येला न्याय, हा विवेक आपण राखला पाहिजे. तो न राखता जो समाज इतरांना राक्षस म्हणतो, त्याने एकदा आपल्या मानेमागेही पाहावे.