पश्चिमेतून एकच संघ: रणजी करंडकाचा पात्रता नियम आणि महाराष्ट्राची तीस वर्षं

पेटची तयारी करताना 'सिलेक्शन बायस'ची व्याख्या बहुतेकांची पाठ असते. उदाहरण विचारलं की गाडी अडते. आज एक घरचंच उदाहरण बघू. विषय क्रिकेटचा आहे, पण क्रिकेट न बघणाऱ्यालाही समजेल, कारण आपल्याला धावा मोजायच्या नाहीत, नियम वाचायचा आहे.

आधी एक यादी समोर ठेवा. रणजी करंडक १९३४-३५ मध्ये सुरू झाला. महाराष्ट्राने तो १९३९-४० आणि १९४०-४१ असा लागोपाठ दोनदा जिंकला. कर्णधार होते प्रा. दि. ब. देवधर, पुण्याच्या एस. पी. कॉलेजात संस्कृत शिकवणारे. त्यानंतर अंतिम सामन्याच्या यादीत महाराष्ट्राचं नाव येतं ते थेट १९७०-७१ मध्ये. मधली तीस वर्षं कोरी.

ही यादी बघून कुणीही पटकन लिहून टाकेल की 'देवधरांनंतर महाराष्ट्राचा संघ घसरला.' वाक्य सरळ वाटतं. पण थांबा. अंतिम सामन्याची यादी म्हणजे संघांच्या ताकदीचं मोजमाप आहे, असं आपण न तपासता धरून चाललो. त्या यादीत नाव यायला आधी एका दारातून जावं लागत होतं. ते दार कसं होतं?

दाराचा आकार

सुरुवातीपासून २००१-०२ पर्यंत, एक हंगाम सोडला तर, रणजीतले संघ भौगोलिक विभागांत वाटलेले होते. आधी उत्तर, दक्षिण, पूर्व, पश्चिम असे चार. १९५२-५३ पासून मध्य हा पाचवा. विभागात आधी बाद पद्धत होती, १९५७-५८ पासून साखळी आली. विभागात पहिला येणारा संघच पुढे जायचा. दुसऱ्या क्रमांकाला काही नाही.

आता पश्चिम विभागात कोण होतं ते बघा: मुंबई, महाराष्ट्र, बडोदा, गुजरात, सौराष्ट्र. पाच संघ, म्हणजे प्रत्येकाच्या वाट्याला साखळीचे चार सामने. मुंबईने १९५८-५९ ते १९७२-७३ असे सलग पंधरा वेळा करंडक जिंकला. करंडक जिंकायचा तर आधी विभाग जिंकावाच लागणार. म्हणजे १९५८-५९ ते १९६९-७० या बारा हंगामांत पश्चिमेतली एकमेव जागा प्रत्येक वेळी मुंबईने घेतली. उरलेल्या चार संघांचा हंगाम दर वर्षी चार सामन्यांत संपला. वेगळा पुरावा शोधायची गरज नाही. हे नियम आणि विजेत्यांची यादी शेजारी ठेवली की आपोआप निघतं.

यात खेळाडूंचं नुकसान काय, तेही लक्षात घ्या. चार सामने म्हणजे फार तर आठ डाव. एखाद्या फलंदाजाचा एक सामना पावसात गेला, एकात तो लवकर बाद झाला, की निवड समितीला दाखवायला उरतं काय? बाद फेरीतला मोठा सामना त्याच्या नशिबात नाहीच. १९६१-६२ मध्ये दुलीप करंडक सुरू झाला आणि विभागाच्या संघातून खेळायची एक खिडकी उघडली, पण तिथंही जागा पाच संघांत मिळून अकराच.

नियम बाजूला ठेवला तेव्हा

विज्ञानाच्या विद्यार्थ्याला इथं साहजिक प्रश्न पडतो: हा व्हेरिएबल काढून टाकला तर काय होईल? इतिहासात प्रयोग करता येत नाही, पण कधी कधी इतिहासच करून ठेवतो.

वर 'एक हंगाम सोडला तर' म्हटलं, तो हंगाम १९४८-४९ चा. त्या वर्षी विभागच नव्हते. आणि काय झालं? अंतिम सामना मुंबई विरुद्ध बडोदा. उपांत्य फेरीत मुंबईसमोर महाराष्ट्र. म्हणजे शेवटच्या चारांत तीन संघ एरवीच्या पश्चिम विभागातले! विभाग असते तर या तिघांतला एकच तिथवर पोचला असता.

पुण्यात झालेला तो उपांत्य सामना आजही सांगितला जातो. मुंबई ६५१ आणि ८ बाद ७१४, महाराष्ट्र ४०७ आणि ६०४. एकूण २,३७६ धावा, प्रथम श्रेणीच्या एका सामन्यातल्या सर्वाधिक. महाराष्ट्र ३५४ धावांनी हरला. चौथ्या डावात सहाशेच्या वर धावा काढणाऱ्या संघाला 'घसरलेला' म्हणायला आपली जीभ रेटेल का? याच हंगामात, डिसेंबर १९४८ मध्ये, भाऊसाहेब निंबाळकरांनी पुण्यातच काठियावाडविरुद्ध नाबाद ४४३ केल्या होत्या.

दार रुंद झालं तेव्हा

दुसरा प्रयोग १९७०-७१ चा. त्या हंगामापासून प्रत्येक विभागातले पहिले दोन संघ बाद फेरीत जाऊ लागले. पाच विभाग, दहा संघ. आणि बदलाच्या पहिल्याच वर्षी अंतिम सामना झाला मुंबई विरुद्ध महाराष्ट्र. दोन्ही पश्चिमेचे. आदल्या वर्षीच्या नियमाने हा सामना होणं अशक्य होतं.

अजित वाडेकर, सुनील गावसकर, दिलीप सरदेसाई, एकनाथ सोलकर हे तेव्हा वेस्ट इंडीजच्या दौऱ्यावर होते. मुंबईचं नेतृत्व सुधीर नाईक यांच्याकडे होतं. तरीही मुंबई ४८ धावांनी जिंकली. करंडक गेला तिथंच गेला, पण यादीत महाराष्ट्राचं नाव तीस वर्षांनी लागलं.

एकाच जोडीच्या तीन नोंदी शेजारी ठेवा. मुंबई आणि महाराष्ट्र: १९४८-४९ मध्ये उपांत्य सामना, १९५८ ते १९७० विभागातला साखळी सामना, १९७०-७१ मध्ये अंतिम सामना. सामन्याला कुठलं नाव मिळणार हे दर वेळी मैदानाबाहेर ठरलेलं होतं.

आता दावा किती करायचा?

इथं बरेच जण घसरतात. 'नियम नसता तर महाराष्ट्राने करंडक जिंकला असता,' असं आपल्याला म्हणता येत नाही. त्या बारा वर्षांत दर वेळी महाराष्ट्रच विभागात दुसरा होता, असंही नाही म्हणता येत. बडोदाही तगडं होतं. साखळीच्या पहिल्याच हंगामात, १९५७-५८ मध्ये, पश्चिमेतून बडोदा पुढे गेलं आणि करंडक घेऊन आलं. आपल्या पुराव्यावर उभं राहणारं वाक्य एवढंच: १९५८ ते १९७० या काळात अंतिम सामन्याच्या यादीवरून पश्चिमेतल्या बाकीच्या संघांची ताकद मोजता येत नाही. वाक्य लहान आहे, पण व्हायवामध्ये टिकेल.

तशीच काळजी १९९२-९३ बाबत. त्या हंगामापासून विभागातले पहिले तीन संघ पुढे जाऊ लागले, आणि त्याच वर्षी महाराष्ट्र पुन्हा अंतिम सामन्यात गेला, पंजाबकडून हरला. झालं, नियमामुळेच गेला! असं लिहायच्या आधी विभागाचा गुणतक्ता काढा. संघ तिसरा आला असेल तर नियमाचा वाटा आहे. पहिला किंवा दुसरा असेल तर तो जुन्या नियमानेही गेलाच असता. दोन घटना एका वर्षी घडल्या म्हणून एकीमुळे दुसरी घडली, असं होत नाही.

रेषा कुणी आखली?

अमेरिकेतल्या कॉलेज फुटबॉलमध्ये हाच पेच आहे. तिथं एका कॉन्फरन्सचे दोन भाग करून दोन्हींच्या विजेत्यांत अंतिम सामना लावायची पद्धत १९९२ मध्ये एसईसीने सुरू केली. बिग टेनमध्ये २०१४ ते २०२३ असे दहाही अंतिम सामने पूर्व भागाने जिंकले. तगडे संघ एकाच बाजूला साचले होते. २०२४ पासून एसईसी आणि बिग टेन दोघांनी भाग मोडले आणि एकत्रित तक्त्यातले पहिले दोन संघ घ्यायला सुरुवात केली. आपल्याकडे रणजीतले विभाग २००२-०३ मध्ये गेले आणि एलिट-प्लेट आलं. २०१३-१४ मध्ये तर महाराष्ट्र खालच्या क गटातून वर आला, उपांत्यपूर्व सामन्यात मुंबईला वानखेडेवर हरवून थेट अंतिम सामन्यापर्यंत गेला.

विभागाची रेषा निसर्गाने आखलेली नसते. आमच्या सणसवाडीतला पोरगा रणजी खेळला तर महाराष्ट्राकडून, ठाण्याचा मुंबईकडून, नागपूरचा विदर्भाकडून. राज्य एक, संघ तीन. त्यातही विभाग होते तेव्हा विदर्भ मध्य विभागात होता, म्हणजे त्याला मुंबईचा अडथळा पहिल्याच पायरीवर नव्हता. तुमच्या प्रबंधातल्या सॅम्पलचंही असंच असतं. 'जिल्ह्यातली नोंदणीकृत दुकानं' घेतलीत की बिननोंदणीची बाहेर. 'पदवी पूर्ण केलेले विद्यार्थी' घेतलेत की मध्येच सोडून गेलेले बाहेर. मग निष्कर्ष दुकानांचा की नोंदणीचा?

सरावासाठी एक देतो. महाराष्ट्र केसरीला गादी गटाचा विजेता आणि माती गटाचा विजेता गदेसाठी लढतात. नोव्हेंबर २०२३ मध्ये सणसवाडीपासून जवळच, फुलगावला, मातीतून आलेल्या सिकंदर शेखने गादीवरच्या शिवराज राक्षेला हरवलं. आता वहीत लिहा: राज्यातले सगळ्यात तगडे दोन मल्ल गादीवरचेच असले, तर उपविजेता कोण ठरेल? आणि उपविजेत्यांच्या यादीवरून तुम्ही काय सिद्ध करू शकाल, काय नाही? उत्तर दोन-तीन वाक्यांत बसवा. पेटच्या मुलाखतीत वेळही तेवढाच मिळतो.