खेळ हलला, पत्ता राहिला

पाथर्डी तालुक्यातल्या एका प्राथमिक शाळेत लोकवर्गणीतून घेतलेला एक संगणक आहे. त्याच्या हार्ड डिस्कचे सी आणि डी असे दोन भाग केलेले. सी भरत आला होता, डी जवळजवळ रिकामा होता. तिथल्या शिक्षकांनी सरळ मार्ग धरला. मुलांच्या आवडीचा पाढ्यांचा खेळ ज्या फोल्डरमध्ये होता, तो त्यांनी सी मधून उचलला आणि डी मध्ये नेऊन ठेवला. खेळ उघडेना. मग त्यांनी तो काढून टाकला, मागे उरलेले एक फोल्डर कचरा समजून पुसले आणि खेळ डी वर नव्याने बसवला. आता तो सुरू झाला.

पण ऊसतोडीहून आईवडिलांबरोबर परतलेली चौथीतली एक मुलगी संगणकापुढे बसली आणि म्हणाली, "सर, माझं नाव कुठं गेलं?" गावाहून निघताना ती बाराच्या पाढ्यापर्यंत पोचली होती. यादीत तिचे नावच नव्हते.

पहिल्या वेळी खेळाचे फोल्डर जसेच्या तसे हलले होते. एकही फाइल हरवली नव्हती. मग बिघडले काय? हा प्रश्न आपल्या शिक्षकमित्रांना पडला तसा चाळीस वर्षांपूर्वीही अनेकांना पडला होता, आणि तोही शाळेतल्याच संगणकावर. तिथूनच सुरुवात करू या.

कॅसेटवरून फ्लॉपीवर

भारतातल्या शाळांमध्ये संगणक पोचवण्याचा पहिला मोठा सरकारी प्रयत्न म्हणजे १९८४-८५ साली सुरू झालेला 'क्लास' प्रकल्प. पहिल्या टप्प्यात देशातल्या सुमारे २५० शाळा होत्या. त्यासाठी निवडलेला संगणक होता बीबीसी मायक्रो. इंग्लंडमधल्या केंब्रिजच्या एकॉर्न कंपनीने तो १९८१ च्या अखेरीस बाजारात आणला होता.

या संगणकाची कामाची स्मृती होती ३२ किलोबाइट, म्हणजे ३२,७६८ बाइट. आज मोबाइलवर काढलेला एक साधा फोटोसुद्धा तिच्यात मावणार नाही. खेळ आणि धडे गाण्याच्या कॅसेटसारख्याच कॅसेटवर येत. सेकंदाला १,२०० बिट या वेगाने एक खेळ आत यायला तीन-चार मिनिटे लागत. फ्लॉपीचे यंत्र जोडले की हेच काम काही सेकंदांत होई. साहजिकच लोकांनी आपले कॅसेटवरचे खेळ फ्लॉपीवर उतरवायला घेतले. नक्कल बरोबर उतरे, पण पुष्कळ खेळ चालत नसत.

कारण मोठे मजेदार होते. नुसती कॅसेट जोडलेली असेल, तेव्हा स्मृतीतली ३,५८४ क्रमांकापासूनची जागा खेळाला मोकळी मिळे. फ्लॉपीच्या यंत्राला मात्र स्वतःचे टिपण ठेवायला स्मृतीचा तुकडा लागे. मग मोकळी जागा ६,४०० पासून सुरू होई. फरक अवघा २,८१६ बाइटचा. पण रंगीत पडद्याचे चित्र धरून ठेवायलाच २०,४८० बाइट लागत असतील, तर कॅसेट वापरताना खेळाला ८,७०४ बाइट उरत आणि फ्लॉपी वापरताना ५,८८८. एक तृतीयांश जागा गेली!

जागा पुरली तरी दुसरी अडचण होतीच. यंत्रभाषेत लिहिलेल्या खेळात आज्ञा असत त्या अशा : 'आता ४,१०० क्रमांकाच्या जागी जा आणि तिथली आज्ञा पाळ.' सगळा खेळ उचलून ६,४०० पासून पुढे ठेवला, तरी आतली आज्ञा '४,१००' हेच सांगत राही. आणि ४,१०० वर आता फ्लॉपीयंत्राचे टिपण बसलेले!

यावर हौशी लोकांनी उपाय शोधला. खेळ फ्लॉपीवरून आधी वरच्या मोकळ्या जागेत आणायचा, मग फ्लॉपीयंत्राला रजा द्यायची, आणि एका छोट्या आज्ञावलीने सगळा खेळ बाइटबाइट करत खाली ३,५८४ वर सरकवायचा. खेळ आपल्या मूळ जागी पोचला की बिनतक्रार चाले.

म्हणजे माल हलवणे सोपे होते. त्या मालात लिहून ठेवलेले पत्ते ही खरी अडचण होती.

ए, बी आणि सी

आपल्या संगणकातली डिस्क सी पासून का सुरू होते, असे मुले कधीकधी विचारतात. आयबीएमचा १९८१ चा पीसी फ्लॉपीवर चाले. फ्लॉपीच्या दोन यंत्रांना ए आणि बी ही अक्षरे दिलेली होती. १९८३ साली पीसी एक्सटी आला तो १० मेगाबाइटची हार्ड डिस्क घेऊन. तिला पुढचे अक्षर मिळाले, सी. फ्लॉप्या गेल्या, अक्षर राहिले.

आता लोक फ्लॉपीवरचे खेळ हार्ड डिस्कवर नेऊ लागले. इथे दोन प्रकार दिसले. काही खेळ आपल्या बाकीच्या फाइली 'मी आहे त्याच फोल्डरमध्ये' शोधत. ते कुठेही न्या, चालत. दुसरे खेळ 'ए मधल्या फ्लॉपीवर' शोधत. ते सी वर नेले तरी फ्लॉपी मागत. काही कंपन्या तर नक्कल होऊ नये म्हणून मूळ फ्लॉपीवर मुद्दाम एक विचित्र खूण ठेवत, जी साध्या नकलेत उतरत नसे. १९९० साली पीसीवर आलेला 'प्रिन्स ऑफ पर्शिया' याहून पुढे गेला. पहिली पातळी संपली की तो छापील माहितीपुस्तिकेतले एक अक्षर विचारी. खेळाचा एक भाग चक्क कागदावर होता!

१९९५ साली विंडोज ९५ आले आणि गुंता वाढला. तोवर बरेचसे खेळ एका फोल्डरमध्ये मावत. आता खेळ 'बसवावा' लागू लागला. मुख्य फाइली एका फोल्डरमध्ये, सर्वांना सामाईक अशा काही फाइली विंडोजच्या फोल्डरमध्ये आणि खेळ कुठे बसवला आहे याची नोंद 'रजिस्ट्री' नावाच्या मध्यवर्ती दप्तरात. पडद्यावरच्या छोट्या चित्रातही पूर्ण पत्ता लिहिलेला. फोल्डर हलवले की माल नव्या घरी आणि दप्तरात मात्र जुनाच पत्ता. हार्ड डिस्कचा आणखी एक भाग पाडला की सीडीचे अक्षर डी चे ई होई, आणि सीडी यंत्रात असूनही खेळ 'सीडी घाला' म्हणत बसे.

जुन्या दारावरची चिठ्ठी

गंमत अशी, की यावरचा उपाय छोट्या संगणकांच्या जन्माआधीच सुचलेला होता. अमेरिकेत 'मल्टिक्स' या मोठ्या संगणकप्रणालीची आखणी चालू असताना, १९६५ सालच्या एका निबंधात 'दुवा' ही कल्पना मांडली गेली. दुवा म्हणजे फाइल नव्हे, तर फाइल कुठे आहे हे सांगणारी चिठ्ठी. १९८३ साली बर्कली विद्यापीठाच्या युनिक्समध्ये असे दुवे आले. विंडोज २००० मध्ये फोल्डरांपुरती अशी सोय झाली. सी वरचा खेळ डी वर न्यायचा आणि जुन्या जागी 'डी कडे जा' असे सांगणारा दुवा ठेवायचा. खेळ जुन्याच पत्त्यावर हाक मारतो आणि ती नव्या जागी पोचते.

नगर जिल्ह्यातल्या वाचकांना हे समजावून सांगायची गरज नाही. २०२४ साली जिल्ह्याचे नाव अधिकृतपणे अहिल्यानगर झाले. पण एखाद्या आजोबांनी सवयीने पाकिटावर 'अहमदनगर ४१४००१' असे लिहिले, तरी पत्र पोचते. १९७२ साली सुरू झालेला पिनकोड नावावर अवलंबून नाही. शहर जागीच राहिले आणि नाव बदलले. आपल्या खेळाचे नाव तेच राहिले आणि जागा बदलली. दोन्हीकडे निभावून नेते ती मधली खूण.

वर्गात हे करून पाहता येईल. दोन कपाटे घ्या. एकात खोके ठेवा आणि मुलांच्या हाती चिठ्ठी द्या : 'पहिले कपाट, तिसरा कप्पा'. मग खोके दुसऱ्या कपाटात हलवा आणि उपाय मुलांनाच विचारा. साधारण तीन उत्तरे येतील : सगळ्या चिठ्ठ्या नव्याने लिहा, जुन्या कप्प्यात 'पलीकडे पाहा' अशी चिठ्ठी ठेवा, किंवा मुळातच 'याच खोक्यात पाहा' असे लिहा. संगणकाच्या इतिहासात हेच तीन उपाय पुन्हापुन्हा आलेले आहेत.

आधी नक्कल, मग खात्री

२००३ साली सुरू झालेल्या 'स्टीम' या खेळांच्या दुकानात २०१२ च्या सुमारास एकाहून अधिक डिस्कांवर खेळ ठेवायची सोय झाली, आणि पुढे खेळ हलवायची आज्ञाही आली. आज ही गरज वाढली आहे, कारण अनेक संगणकांत एक वेगवान पण लहान एसएसडी आणि एक संथ पण मोठी हार्ड डिस्क असते. हार्ड डिस्कची तबकडी मिनिटाला ७,२०० वेळा फिरली, तरी हवा तो भाग समोर यायला सरासरी चार हजारांश सेकंद थांबावे लागते. एसएसडीत फिरणारे काही नसतेच.

हलवण्याचा शहाणा क्रम मात्र डिस्क कोणतीही असो, एकच आहे : आधी नक्कल, मग नक्कल बरोबर उतरल्याची तपासणी, मग दप्तरातला पत्ता बदलणे आणि सर्वांत शेवटी मूळ प्रत पुसणे. आणखी एक गोष्ट सुरुवातीलाच पाहावी. खेळणाऱ्याची प्रगती बहुधा खेळाच्या फोल्डरमध्ये नसतेच, ती वापरणाऱ्याच्या नावाच्या वेगळ्या फोल्डरमध्ये असते. शिक्षकांनी कचरा समजून पुसले ते नेमके हेच.

सुदैवाने विंडोजची कचरापेटी कुणी रिकामी केली नव्हती. इतके पुसूनही सी वर जागा का होत नाही, याचे उत्तरही तिच्यातच होते. फोल्डर पूर्वीच्या जागी परत ठेवले, खेळ उघडला आणि यादीत त्या मुलीचे नाव दिसले. पाथर्डीकडच्या शिक्षकांना हे नवे नाही. दिवाळीच्या सुमारास मूल कारखान्याकडे निघते, तेव्हा ते कुठवर शिकले याची नोंद त्याच्याबरोबर गेली नाही, तर नव्या शाळेत त्याला पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागते. मुलगी बाराच्या पाढ्यावर बसली आणि तेराकडे निघाली.