दुसऱ्या पर्वाचे शहाणपण

विनोदी मालिकेचे पहिले पर्व गाजते आणि दुसरे उतरते, असा सर्वसाधारण समज आहे. बीबीसीच्या ‘ब्लॅकॲडर’ या मालिकेचा इतिहास नेमका उलटा आहे.

१९८३ साली आलेले पहिले पर्व रोवन ॲटकिन्सन व रिचर्ड कर्टिस यांनी लिहिले. उत्तर इंग्लंडमधील ॲनिक किल्ल्यावर चित्रीकरण, घोडे, चिलखते, असा सारा सरंजाम होता. सहा भागांवर खर्च भरपूर झाला, विनोद मात्र विखुरला. मोकळ्या माळावर माणूस लहान दिसतो. भुवईची हालचाल तिथे कुणाला दिसणार? शिवाय नायक एडमंड भित्रा आणि मूर्ख, तर नोकर बॉल्ड्रिक हुशार, अशी मांडणी होती.

१९८४ मध्ये मायकेल ग्रेड बीबीसी-१चे प्रमुख झाले. एवढा खर्च पुन्हा करायला ते राजी नव्हते. मालिका टिकवायची तर काटकसर अटळ होती. ॲटकिन्सन लेखनातून बाजूला झाले, कर्टिस यांच्या जोडीला बेन एल्टन आले आणि जवळजवळ सारे चित्रीकरण स्टुडिओत, प्रेक्षकांसमोर होऊ लागले. नाटकवाल्यांना ठाऊक असते की प्रेक्षक नेमका कुठे हसतो हे तो समोर बसल्याखेरीज कळत नाही. पहिल्या पर्वातील नटांना ही सोय फारशी नव्हती.

जानेवारी १९८६ मध्ये सुरू झालेले दुसरे पर्व पहिल्या एलिझाबेथ राणीच्या दरबारात घडते. दोन-चार दालने, मोजकी पात्रे. आता एडमंड हुशार आहे आणि बॉल्ड्रिक मठ्ठ. मिरांडा रिचर्डसन यांची राणी लाडावलेल्या पोरीसारखी. तिची लहर फिरली की मुंडके उडणार. त्यामुळे एडमंडच्या प्रत्येक टोमण्यामागे जिवाची धास्ती आहे. भव्य देखावा गेला, त्याची जागा शब्दांनी घेतली.

हा हुशार एडमंड मात्र १९८६ साली अचानक अवतरलेला नाही. १९८२ मध्ये चित्रित झालेला नमुना भाग २०२३ साली प्रथमच प्रसारित झाला. त्यातला एडमंड दुसऱ्या पर्वातल्या एडमंडच्या बराच जवळचा आहे. म्हणजे साधने वाढली तेव्हा हातातले पात्र निसटले आणि ती आटल्यावर ते परत सापडले.

अनेक रसिक १९८९चे चौथे, पहिल्या महायुद्धाच्या खंदकातले पर्व श्रेष्ठ मानतात. त्याचा शेवट अधिक खोल जातो, हे खरेच. पण कोंदट खोली, शहाणा एडमंड आणि त्याच्या जिवावर उठलेले मूर्ख वरिष्ठ हा त्याचा सांगाडा दुसऱ्या पर्वातच उभा राहिला होता.

पहिल्या पर्वाच्या हिशेबावरच मालिकेचा निकाल लावला असता, तर तो खंदकही आपल्याला दिसला नसता. पहिल्या काही भागांच्या प्रेक्षकसंख्येवर मालिकांचे भवितव्य ठरवणाऱ्यांनी हा इतिहास जरूर ध्यानात घ्यावा.